विश्लेषण : रविवारची सुट्टी कशी मिळाली? १० जून १८९० रोजी काय घडले? नारायण मेघाजी लोखंडे कोण होते?

चाळीसगाव : रविवारी तहसील कचेरी बंद, बँका बंद, शाळा बंद. स्टेशनवर गाड्या तेवढ्या धावत असतात. रविवारची सुट्टी इतकी अंगवळणी पडली आहे, की ती कधी काळी नव्हती आणि कुणाला तरी मागून घ्यावी लागली, हे चटकन ध्यानात येत नाही. १ मे हा कामगार दिन सगळ्यांना माहीत आहे. महाराष्ट्रात त्याच दिवशी महाराष्ट्र दिन येत असल्याने सुट्टीही मिळते. पण दर आठवड्याला मिळणाऱ्या सुट्टीची तारीख १० जून १८९० आहे आणि तिच्यामागे मुंबईच्या एका गिरणीतल्या माजी स्टोअरकीपरची दहा वर्षांची खटपट आहे. त्यांचे नाव नारायण मेघाजी लोखंडे. या कथेत खानदेशातल्या कापसाच्या जिनांचाही एक धडा आहे आणि तो फारसा सांगितला जात नाही.

लोखंडे कोण होते?

लोखंडे यांचा जन्म १८४८ चा, ठाण्यातला. घराणे मूळचे पुणे जिल्ह्यातल्या कन्हेरसरचे, फुलमाळी समाजातले, बेताच्या परिस्थितीचे. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला देशातली पहिली प्रवासी आगगाडी आली, तेव्हा ते पाच वर्षांचे होते. त्याच रेल्वेने पुढच्या दहा-बारा वर्षांत कसारा घाट ओलांडून चाळीसगाव, पाचोरा, जळगाव करत भुसावळ गाठले आणि खानदेशचा कापूस थेट मुंबईच्या बंदरावर पडू लागला. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या काळात यादवी युद्ध चालू होते. तिथला कापूस इंग्लंडला मिळेना, म्हणून इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत पैसा आला आणि त्यातल्या काही पैशातून गिरण्या उभ्या राहिल्या.

शाळेचे शिक्षण झाल्यावर पुढे शिकण्याची ऐपत नव्हती. लोखंडे यांनी काही काळ रेल्वेच्या टपाल खात्यात नोकरी केली आणि नंतर मुंबईतल्या मांडवी भागातल्या एका कापड गिरणीत ते स्टोअरकीपर झाले. हे पद मधले होते. साहेबाच्या खोलीत जाता येत होते आणि खात्यातल्या माणसांशी रोजचा संबंधही होता. कोण किती वाजता आला, कुणाचे बोट मशीनमध्ये गेले, कुणाचा पगार दोन-दोन महिने अडकला, हे स्टोअरच्या खिडकीतून दिसत असे. पुढे कमिशनपुढे त्यांनी जे मांडले त्याचा कच्चा माल या नोकरीत जमा झाला, असे म्हणायला हरकत नाही.

तेव्हा गिरणीत कामाचे तास किती होते?

ठरलेले तास नव्हतेच. विजेचे दिवे यायचे होते, त्यामुळे गिरणी सूर्यावर चाले. उजाडले की भोंगा आणि अंधारले की सुट्टी. हिवाळ्यात दिवस लहान म्हणून दहा-अकरा तास, उन्हाळ्यात तेरा-चौदा तास. पहाटे चाळीतून निघालेला माणूस रात्री परते. मोठ्या सणांच्या मिळून वर्षाला मोजक्या सुट्ट्या असत. रविवारी काही गिरण्या बंद ठेवल्या जात, पण तेव्हाही यंत्रे पुसायला, तेल घालायला निम्मा दिवस कामगारांना बोलावले जाई. म्हणजे मशीनला विश्रांती होती, माणसाला नव्हती.

जेवणाची वेगळी वेळ नव्हती. शेजारच्या मशीनवाल्याला आपल्या मशीनकडे बघायला सांगून कोपऱ्यात भाकरी खायची. पगार महिन्याचा, पण तो पुढच्या महिन्यात कधी होईल याचा नेम नाही. मागचा पगार मालकाकडे अडकलेला असल्याने नोकरी सोडून जाणेही अवघड. बायका आणि सात-आठ वर्षांची मुले याच वेळापत्रकात काम करत.

मुंबई सरकारने १८७५ मध्ये पहिले फॅक्टरी कमिशन नेमले. सोराबजी शापूरजी बंगाली या पारशी गृहस्थांनी १८७८ मध्ये कायद्याचा मसुदा पुढे आणला. अखेर १८८१ चा पहिला फॅक्टरी कायदा झाला. त्यात सात वर्षांखालच्या मुलांना बंदी आली, सात ते बारा वयाच्या मुलांना नऊ तासांची मर्यादा आणि महिन्याला चार सुट्ट्या मिळाल्या. मोठ्या माणसांबद्दल आणि स्त्रियांबद्दल कायद्यात काहीच नव्हते.

या कायद्यामागे इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरणीमालकांचा जोर होता, हेही खरे. मुंबईचे सूत स्वस्त पडते म्हणून त्यांना इथल्या गिरण्यांवर बंधने हवी होती. त्यामुळे पुण्या-मुंबईची बरीच देशी वृत्तपत्रे आणि सुशिक्षित पुढारी फॅक्टरी कायद्याच्या विरोधात होते. देशी उद्योगाचा गळा घोटण्याचा हा डाव आहे, असे त्यांचे म्हणणे होते. त्यात तथ्य होते. पण चौदा तास उभे राहणाऱ्या बाईला लँकेशायरचा हेतू काय, याच्याशी देणेघेणे नव्हते. लोखंडे यांनी जागा निवडली ती इथे, आणि ती त्या काळी फार एकाकी होती.

'दीनबंधू' आणि जोतीराव फुले

लोखंडे सत्यशोधक होते. २४ सप्टेंबर १८७३ रोजी जोतीराव फुले यांनी पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला. त्या चळवळीचे मुखपत्र म्हणावे असे 'दीनबंधू' हे पत्र कृष्णराव भालेकर यांनी १८७७ मध्ये पुण्यात सुरू केले. ते चालवणे भालेकरांना झेपेना. १८८० मध्ये ते मुंबईला आले आणि लोखंडे संपादक झाले. मुंबईतल्या तेलुगू समाजातल्या सत्यशोधक मंडळींचा, विशेषतः रामय्या व्यंकय्या अय्यावारू यांचा, त्याला आधार मिळाला. लोखंडे यांनी गिरणीतली नोकरी सोडली. बांधलेला पगार सोडून तोट्यातले पत्र हाती घेणे हा तेव्हाही शहाणपणाचा व्यवहार मानला गेला नसणार.

'दीनबंधू'चा वाचक शेतकरी, कारागीर आणि गिरणीतला माणूस होता. ज्याला वाचता येत नाही त्याला चाळीत कुणीतरी वाचून दाखवी. पत्रात गिरणीतल्या तक्रारी छापून येऊ लागल्या.

फुले आणि लोखंडे यांचे सगळे गोडीगुलाबीने चालले, असे मात्र नाही. फुले यांच्या 'शेतकऱ्याचा असूड' या ग्रंथाची सुरुवातीची दोन प्रकरणे 'दीनबंधू'त छापली गेली आणि मग छपाई थांबली. सरकारवरची टीका फार कडक होती आणि संपादकाला कारवाईची धास्ती वाटली. फुले यांना हे अजिबात रुचले नाही आणि त्यांनी ती नाराजी लपवली नाही. लोखंडे सावध होते, अर्ज-विनंत्यांवर, सभा आणि सह्यांवर विश्वास ठेवणारे होते. पत्र बंद पडले तर गिरणी कामगारांचे गाऱ्हाणे छापणारी दुसरी जागा नाही, हा हिशेब त्यांच्या मनात असावा. दोघांतला संबंध मात्र तुटला नाही. ११ मे १८८८ रोजी मुंबईतल्या मांडवी कोळीवाड्यात फुले यांना महात्मा ही पदवी जाहीर सभेत दिली गेली, ती मुंबईच्या याच सत्यशोधक वर्तुळात.

१८८४ : सुपारीबागेतली सभा आणि ५,५०० सह्या

१८८४ मध्ये सरकारने दुसरे कमिशन नेमले. मालक साक्षी देणार, इन्स्पेक्टर देणार, डॉक्टर देणार. कामगारांच्या वतीने कोण बोलणार, हा प्रश्न होता. लोखंडे यांनी सप्टेंबर १८८४ मध्ये परळच्या सुपारीबागेत कामगारांची सभा बोलावली. गिरणी कामगारांनी स्वतःच्या मागण्या ठरवण्यासाठी एवढ्या संख्येने एकत्र येण्याचा हा देशातला पहिला प्रसंग मानला जातो. याच काळात त्यांनी 'बॉम्बे मिल हँड्स असोसिएशन' स्थापन केली.

सभेत ठरलेले निवेदन ५,५०० कामगारांच्या सह्यांनिशी कमिशनला दिले गेले. मागण्या पाच होत्या. आठवड्यातून एक दिवस, रविवारी, सुट्टी. दुपारी अर्धा तास विश्रांती. सकाळी साडेसहाला काम सुरू होऊन सूर्यास्ताला बंद. पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत. आणि कामावर इजा झाली तर बरा होईपर्यंत पूर्ण पगार, कायमचा अधू झाला तर निर्वाहाची सोय.

आज वाचताना या मागण्या किती लहान वाटतात! आठ तासांची मागणी नाही, पगारवाढीची नाही, सुट्टीच्या दिवसाच्या पगाराचीही नाही. पगार पंधरा दिवस उशिरा झाला तरी चालेल, पण त्याहून उशीर नको, एवढेच. पण अपघाताच्या भरपाईची मागणी पाहावी. त्यासंबंधीचा कायदा देशात व्हायला १९२३ साल उजाडावे लागले.

खानदेशातल्या जिनांत काय चालले होते?

याच कमिशनपुढे खानदेशचे नाव आले आणि ते वाईट कारणाने आले. तेव्हा खानदेश हा एकच जिल्हा होता, मुख्य ठाणे धुळे. पूर्व आणि पश्चिम अशी त्याची फाळणी १९०६ मध्ये झाली. रेल्वे आल्यावर लोहमार्गाच्या आसपास वाफेवर चालणारे जिन आणि प्रेस उभे राहिले. शेतातून आलेल्या कापसातून सरकी वेगळी करायची, रुई दाबून गाठी बांधायच्या आणि वाघिणीत भरून मुंबईला पाठवायच्या, हा धंदा. जिनावर बसून कापूस भरण्याचे काम मुख्यतः बायकांचे. आजही हंगामात जिनात शिरले की हवेत उडणारी रुई नाकातोंडात जाते. तेव्हा झरोक्यापलीकडे हवेची सोय नव्हती.

खानदेशातला अनेक वर्षे जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने सांभाळलेला एक व्यवस्थापक कमिशनपुढे साक्षीला आला. त्याने सांगितलेले असे : साध्या दिवसांत काम पहाटे चार-पाचला सुरू होऊन रात्री दहापर्यंत चालते. मार्च-एप्रिलच्या धामधुमीत जिन आणि प्रेस रात्रंदिवस चालतात आणि मध्ये संध्याकाळी अर्ध्या तासाची विश्रांती असते. तीच माणसे, त्याच बायका, सलग आठेक दिवस अशा कामावर राहतात. त्यापुढे ते अशक्य होते, तेव्हा मुंबईहून दुसरी माणसे आणावी लागतात. रोज मिळतो तीन-चार आण्यांचा. साक्षीदार मालकांच्या बाजूचा होता आणि तो हे बढाई मारण्यासाठी किंवा पश्चात्तापाने सांगत नव्हता. धंदा असाच चालतो, एवढेच त्याला सांगायचे होते. या साक्षीला वजन आले ते त्यामुळेच. पुढे भारतीय कामगारांच्या इतिहासावर लिहिणाऱ्या अभ्यासकांनी ती पुन्हा पुन्हा वापरली.

मग कायदा काय करत होता? १८८१ चा कायदा शंभर किंवा त्याहून जास्त माणसे आणि वर्षात चार महिन्यांहून अधिक काळ चालणारा कारखाना असेल तरच लागू होई. जिनात माणसे शंभराच्या आत आणि धंदा हंगामी. बहुतेक जिन या दोनपैकी एका फटीतून सुटत. मुंबईच्या गिरणीत कामगार निदान इन्स्पेक्टरच्या नजरेत तरी होता. खानदेशच्या जिनातल्या बाईचे नाव कुठल्याच दप्तरात नव्हते.

लोखंडे यांची संघटना मुंबईच्या गिरण्यांपुरती होती. जळगाव-चाळीसगावकडच्या जिनांत तिचे काम पोहोचले नाही. मात्र सरकारपुढे आठवड्याच्या सुट्टीचा विषय मांडला गेला, तेव्हा मुंबईच्या सह्या आणि खानदेशची साक्ष एकाच कमिशनच्या कागदपत्रांत शेजारी-शेजारी होती. कमिशनचा अहवाल १८८५ मध्ये आला. त्यावर लगेच काही घडले नाही.

२४ एप्रिल ते १० जून १८९०

पाच वर्षे अर्ज-निवेदने चालू राहिली. १८८९ मध्ये कामगारांनी पुन्हा सरकारकडे गाऱ्हाणे नेले. दरम्यान जगात वारे बदलत होते. १ मे १८८६ रोजी अमेरिकेत आठ तासांच्या दिवसासाठी मोठा संप झाला. ४ मे रोजी शिकागोच्या हेमार्केट चौकात बॉम्ब फुटला, गोळीबार झाला आणि पुढच्या वर्षी चार कामगार पुढाऱ्यांना फाशी दिले गेले. जुलै १८८९ मध्ये पॅरिसला भरलेल्या समाजवाद्यांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने १ मे १८९० हा दिवस सगळ्या देशांत एकाच वेळी पाळायचा ठराव केला. मार्च १८९० मध्ये बर्लिनला युरोपातल्या सरकारांची कामगारविषयक परिषद झाली. कामाचे तास, रविवारची सुट्टी, बायका-मुलांचे काम, हे विषय राजधान्यांत बोलले जाऊ लागले. ब्रिटिश सरकारला आपल्या वसाहतीकडे बघणे भाग पडले आणि कलकत्त्यात नव्या फॅक्टरी कायद्याच्या मसुद्यावर खल सुरू झाला.

अशा वेळी, जगातल्या पहिल्या मे दिनाच्या बरोबर आठवडाभर आधी, २४ एप्रिल १८९० रोजी मुंबईत महालक्ष्मीच्या रेसकोर्सच्या मैदानावर गिरणी कामगारांची सभा झाली. सुमारे दहा हजार माणसे जमली. या दोन तारखांचा एकमेकींशी ठरवून संबंध होता, असे मानायला आधार नाही. युरोपातली चळवळ समाजवादी होती आणि लोखंडे यांची मुळे सत्यशोधक विचारात होती.

या सभेत दोन कामगार स्त्रिया व्यासपीठावर उभ्या राहून बोलल्या. १८९० साली, हजारो पुरुषांसमोर, गिरणीत राबणाऱ्या बायकांनी आपल्या सुट्टीविषयी जाहीर भाषण केले! त्यांची नावे इतिहासात ठळकपणे नोंदलेली नाहीत. शिकल्या-सवरल्या घरांतल्या स्त्रियांनाही सभेत बोलणे सोपे नव्हते असा तो काळ. सावित्रीबाई आणि जोतीराव फुले यांच्या चळवळीत वाढलेल्या माणसाच्या सभेतच हे घडू शकले, यात नवल नाही.

या वेळी निवेदन सरकारऐवजी थेट गिरणीमालकांच्या संघाला दिले गेले आणि त्यात मागणी एकच होती, रविवारची सुट्टी. पाचाची एक केली, हे लोखंडे यांचे चातुर्य. कायदा येणारच आहे, तर आधी आपणहून देऊन टाकावे, असेही मालकांना वाटले असणार. १० जून १८९० रोजी मालकांच्या संघाने मागणी मान्य केली. मुंबईच्या गिरण्यांत रविवार सुट्टीचा झाला.

रविवारच का?

इंग्रजांचा चर्चचा दिवस म्हणून रविवार, हे साधे उत्तर. सरकारी कचेऱ्या आधीपासून रविवारी बंद असत, गोऱ्या अधिकाऱ्यांना तोच दिवस सोयीचा. पण लोखंडे यांनी त्याला दुसरी बाजूही दिली, असे त्यांच्या चरित्राच्या ओघात नेहमी सांगितले जाते. गिरण्यांत घाटावरून, पुणे-सातारा-नगरकडून आलेली माणसे मोठ्या संख्येने होती. त्यांच्या घरचे दैवत जेजुरीचा खंडोबा आणि खंडोबाचा वार रविवार. त्यामुळे मागणी साहेबाला परकी वाटली नाही आणि कामगारालाही परकी वाटली नाही. खानदेशातही घरोघरी खंडोबाची तळी भरली जाते, त्यामुळे इथल्या वाचकाला हे वेगळे समजावून सांगायला नको.

मिळालेली सुट्टी बिनपगारी होती, हे मात्र विसरू नये. आठवड्यातला एक दिवस घरी बसायचे तर त्या दिवसाची कमाई बुडणार, हे माहीत असूनही दहा हजार माणसे ती मागायला आली होती. कपडे धुणे, बाजार करणे, आजाऱ्याला भेटणे, गावाकडचा माणूस आला तर त्याच्याशी चार शब्द बोलणे, हे सगळे तोवर रात्रीच्या झोपेतून कापून करावे लागत असे.

कायद्यात काय आले?

१८९० मध्येच भारत सरकारने नवे फॅक्टरी कमिशन नेमले. त्याचे अध्यक्ष डॉ. लेथब्रिज होते आणि सोराबजी बंगाली सदस्य होते. मुंबईतल्या चौकशीसाठी कामगारांच्या बाजूने लोखंडे यांना कमिशनसोबत घेतले गेले. सहा वर्षांपूर्वी निवेदन घेऊन बाहेर उभा असलेला माणूस आता टेबलाच्या आतल्या बाजूला बसला होता.

त्यानंतरच्या १८९१ च्या कायद्याने साप्ताहिक सुट्टी आणि दुपारी अर्धा तास काम बंद ठेवणे सक्तीचे केले. स्त्रियांना दिवसाला अकरा तासांची मर्यादा आली. मुलांचे किमान वय नऊ झाले, चौदापर्यंतच्या मुलांना सात तास. कायदा लागू होण्यासाठी शंभरऐवजी पन्नास माणसे पुरेशी ठरली आणि प्रांतिक सरकारला वाटले तर वीस माणसांच्या कारखान्यालाही तो लावता येणार होता. प्रौढ पुरुषांच्या तासांवर मर्यादा आलीच नाही. ती कापड गिरण्यांपुरती बारा तासांची आली १९११ मध्ये.

याच १९११ च्या कायद्याने चार महिन्यांपेक्षा कमी चालणारे हंगामी कारखानेही कक्षेत घेतले. म्हणजे खानदेशातल्या व्यवस्थापकाची ती साक्ष आणि जिनांवर पुरता कायदा येणे, यात पाव शतकाहून अधिक काळ गेला. साक्षीच्या वेळी कामावर असलेली कितीतरी माणसे तोवर हयातही नसतील.

ती खरेच कामगार संघटना होती का?

अभ्यासकांत यावर वाद आहे. 'बॉम्बे मिल हँड्स असोसिएशन'ला सभासदांची यादी नव्हती, वर्गणी नव्हती, निधी नव्हता, नियमावली नव्हती. त्या काळच्या सरकारी अहवालातही हेच नमूद आहे. लोखंडे स्वतः अध्यक्ष, सल्लागार आणि अर्ज लिहून देणारे, असे सगळेच होते. नियमित सभासद आणि वर्गणी असलेली पहिली कामगार संघटना म्हणून १९१८ च्या मद्रास लेबर युनियनचे नाव घेतले जाते. भारतातला पहिला मे दिनही मद्रासलाच, १ मे १९२३ रोजी, सिंगारवेलू चेट्टियार यांनी साजरा केला. लोखंडे यांनी संप घडवले नाहीत, मालकाशी कडाक्याची झुंज घेतली नाही, म्हणून पुढच्या काळातल्या डाव्या मांडणीत त्यांना समाजसेवक म्हणून बाजूला ठेवले गेले. हे थोडे अन्यायाचे झाले. संघटना कागदावर कच्ची असेल, पण तिने मागितलेली गोष्ट पदरात पाडून घेतली, आणि नियमावली असलेल्या किती संघटनांना तेवढे साधले?

संप त्यांनी एक घडवला, पण तो गिरणीतला नव्हता. १८९० मध्येच मुंबईतल्या न्हाव्यांनी विधवांचे केशवपन करण्यास नकार दिला, त्यामागे लोखंडे आणि सत्यशोधक मंडळी होती. वस्तरा ज्याच्या हातात आहे त्यानेच तो खाली ठेवला, तर रूढी चालणार कशी, हा विचार. विधवेला समजावण्यापेक्षा किंवा शास्त्रीपंडितांशी वाद घालण्यापेक्षा हा मार्ग सरळ होता आणि तो कामगारांच्या पुढाऱ्यालाच सुचावा, असा होता. त्याच वर्षी २८ नोव्हेंबरला जोतीराव फुले गेले.

दंगल, पदवी आणि प्लेग

ऑगस्ट १८९३ मध्ये मुंबईत हिंदू-मुस्लीम दंगल उसळली. गिरणगावही त्यात ओढले गेले. लोखंडे वस्त्यांमधून फिरले, सलोख्यासाठी राणीच्या बागेत हजारोंची सभा भरवली. सरकारने त्यांना जस्टिस ऑफ द पीस केले आणि १८९५ मध्ये रावबहादूर ही पदवी दिली. सरकारी पदवी घेतलेला कामगार पुढारी ही पुढच्या पिढ्यांना न रुचणारी गोष्ट. पण त्या काळात पदवी असली की कचेरीचे दार उघडत असे आणि लोखंडे यांचे सगळे काम दार उघडण्यावर अवलंबून होते.

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईत ब्युबॉनिक प्लेगचा पहिला रुग्ण डॉ. अकासिओ व्हिएगस यांना आढळला, तो मांडवीत. जिथे लोखंडे यांनी स्टोअरकीपरची नोकरी केली, तोच हा भाग. हिवाळा सुरू होईतो शहरात घबराट पसरली. लाखो लोक रेल्वेने आणि पायी गावाकडे निघाले, गिरण्या ओस पडू लागल्या. उंदीर मरून पडले की घर सोडायचे, हे लोक अनुभवाने शिकले होते. पण सरकारी दवाखान्यात माणूस नेला की परत येत नाही, ही भीती प्लेगपेक्षा मोठी होती. ती घालवायची तर रुग्णाजवळ आपल्यातलेच माणूस हवे. लोखंडे यांनी मुंबईत मराठा हॉस्पिटल उभे केले आणि ते स्वतः रुग्णांमध्ये वावरू लागले. ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथरोग कायदा मंजूर झाला. करोनाच्या वेळी २०२० मध्ये लागू केला गेला तो हाच. त्यानंतर पाचच दिवसांनी, ९ फेब्रुवारी १८९७ रोजी, लोखंडे प्लेगनेच गेले. वय जेमतेम ४९. महिन्याभराने, १० मार्चला, प्लेगच्या रुग्णांची सेवा करतानाच पुण्यात सावित्रीबाई फुले यांचा मृत्यू झाला.

खानदेशात पुढे काय झाले?

खानदेशात गिरण्या आल्या. जळगावची गिरणी १८७० च्या दशकातली. अमळनेर आणि धुळ्याला विसाव्या शतकात प्रताप शेठजींच्या नावाच्या गिरण्यांनी हजारोंना काम दिले. चाळीसगावला श्री लक्ष्मीनारायण मिल उभी राहिली. अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये शिक्षक असलेल्या साने गुरुजींनी नोकरी सोडल्यानंतर तिथल्या गिरणी कामगारांचे प्रश्न हाती घेतले. लोखंडे यांनी मागितलेली अर्ध्या तासाची विश्रांती, रविवार आणि वेळेवर पगार या गिरण्यांत कायद्याने होते. १९२२ मध्ये आठवड्याला ६० तास, १९३४ मध्ये ५४ आणि १९४६ मध्ये ४८ तासांची मर्यादा आली. १९४८ च्या फॅक्टरी कायद्याने रविवार, किंवा त्याऐवजी दुसरा एक दिवस, हा सुट्टीचा हक्क पक्का केला.

आजारी पडलेल्या गिरण्यांचे १९७४ मध्ये राष्ट्रीयीकरण झाले, त्यात चाळीसगावची लक्ष्मीनारायण आणि धुळ्याची न्यू प्रताप या दोन्ही होत्या. पुढे त्याही बंद पडल्या. जिन मात्र दिवाळीनंतर अजूनही सुरू होतात.

चाळीसगाव तालुक्यातून दर वर्षी दसरा-दिवाळीच्या सुमाराला ऊसतोडीची कुटुंबे निघतात. मजुरी टनावर, तोही नवरा-बायकोच्या एका कोयत्याच्या हिशेबाने. गाडी कारखान्याकडून रात्री-अपरात्री येईल तेव्हा भरायची. त्या पाच-सहा महिन्यांत रविवार कधी आला, हे सांगायला कुठला भोंगा नसतो, आणि एक दिवस बसले तर तेवढे टन कमी होतात. उचल घेतलेली असल्याने मध्येच काम सोडताही येत नाही. फॅक्टरी कायदा २०२५ पर्यंत लागू होता, तोही कारखान्याच्या आवारात. फड आवाराबाहेर आहे.

लोखंडे यांच्या नावाने आज काय आहे?

मुंबईत परळला राज्य सरकारची महाराष्ट्र श्रम विज्ञान संस्था आहे, तिला नारायण मेघाजी लोखंडे यांचे नाव दिले गेले आहे. सुपारीबागेतली सभा झाली ती याच परिसरात. २००५ च्या मे महिन्यात टपाल खात्याने त्यांच्यावर तिकीट काढले, तत्कालीन पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते ते प्रकाशित झाले. मनोहर कदम यांनी लिहिलेल्या मराठी चरित्राने त्यांच्याकडे नव्याने लक्ष वेधले. १० जूनला काही कामगार संघटना आणि सत्यशोधक विचाराच्या संस्था त्यांच्या प्रतिमेला हार घालतात. सरकारी सुट्ट्यांच्या यादीत हा दिवस नाही.